रुख्माबाईच्या बोडीतली पसई

पुस्तक हातात आलं तसा रुख्माबाईने आधी त्याचा वास घेतला. खाण्याची वस्तू आधी नाकाला लावायची आणि मग तोंडाला, ही तिची उभ्या जन्माची सवय. नातीने तर सांगितलं होतं, की हे खाण्याचं, मोहफुलांचं पुस्तक आहे.

"कागदाचाच येऊन राह्यला बाप्पा," ती म्हणाली. "मोहाचा तं पत्ताच नाई."

रचना हसली. ही रुख्माबाईच्या मुलाची, रवीची थोरली पोरगी. बालाघाटच्या कॉलेजात शिकली आणि आता गोंदियाला एका लहानशा प्रकाशकाकडे कामाला होती. शनिवारी बसने राजेगावला उतरायची आणि तिथून कोसमटोल्यापर्यंत कोणाच्या तरी मोटरसायकलवर मागे बसून यायची. त्या प्रकाशकाने लहान लहान पुस्तकं काढायला घेतली होती. जुनं खाणं, जुनी शेती, आणि अडचणीच्या सालांत खेड्यांनी दिवस कसे काढले, त्यांची. पहिलं पुस्तक बैहरकडच्या डोंगरातलं, कोदो-कुटकीचं आणि मोहाचं निघालं होतं. दुसरं धानपट्टीचं निघायचं होतं आणि ते रचनाने लिहायचं होतं.

रुख्माबाईने पानं उलटली. प्रौढ शिक्षणाच्या वर्गात ती अक्षरं शिकली होती, पण लहान छपाईपुढे तिचे डोळे हात टेकत. ती फोटो पाहत होती. एका फोटोत पांढऱ्या कापडावर चकचकीत पितळी ठेवली होती आणि पितळीत उकडलेली मोहफुलं.

"हे पितळी कोनाची?"

"फोटोसाठी आनली असन, आजी."

"ज्याच्या घरी असी घासून-पुसून पितळी हाये, तो मोहं काहून खाईन? अन् हे खाली काय लिवलं?"

"चार माणसांसाठी."

"चार!" रुख्माबाईने तोंडाला पदर लावला. "आमी नऊ होतो वं. अन् मोहं तं याच्यातले अर्धेच होते."

रचनाने ते वाक्य तिथल्या तिथे मोबाईलमध्ये टिपून घेतलं. "असंच सांग," ती म्हणाली. "जसं होतं तसं. पितळी नको आपल्याले."

मग रुख्माबाई सांगायला बसली. सांगण्यासारखं तिच्यापाशी पुष्कळ होतं. माहेर तिचं वाघ नदीच्या पलीकडचं, गोंदियाच्या अंगाचं. लग्न होऊन नदी ओलांडली तेव्हा पायाखालचं राज्य बदललं, महाराष्ट्र सुटून मध्य प्रदेश लागला, हे तिला फार दिवसांनी कळलं. तिच्या लेखी पलीकडेही धानच होता आणि अलीकडेही धानच, आणि दोन्हीकडे तो दुसऱ्याच्याच शेतात होता. नवरा दुलीचंद मॅंगनीजच्या खदानीत जायचा. संध्याकाळी घरी यायचा तेव्हा त्याचे फक्त दात पांढरे असायचे. ती बिड्या वळायची, रोवण्याच्या दिवसांत चिखलात उभी राहायची, कापणी झाल्यावर पडलेल्या लोंब्या वेचायची. खदान चालू असली की भात, बंद पडली की पेज. पेजेतही भाताची शितं मोजकी असली की सासू म्हणायची, "आज पोरींनो, तोंड पाहून घ्या पेजेत." इतकी ती पातळ.

रुख्माबाईने सगळं सांगितलं. पहिल्या पावसानंतर उगवणारा तरोटा, त्याची कोवळी पानं, आणि ती पानं मोठी होऊन चिवट झाली तरी कशी खाल्ली ते. धानाच्या बांधीत, म्हणजे बांध घातलेल्या वाफ्यात, ओल असतानाच फेकून पेरलेली लाखोळीची डाळ. शेतातल्या उंदरांनी बिळात साठवलेला धान, तो खणून काढताना दुलीचंद उंदराला कसा म्हणायचा, "माफ कर भाऊ, तुह्यं गोदाम सरकारजमा." हे सांगताना ती अशी हसली की तिला ठसका लागला. भुकेच्या दिवसांची आठवण काढताना रडायचं असतं, हे तिला कोणी शिकवलं नव्हतं. तेव्हा वय होतं, अंगात जोर होता, दुलीचंद होता, सासू होती; पोट तेवढं रिकामं होतं.

"अन् पसई," ती शेवटी म्हणाली.

पसई म्हणजे कोणी न पेरलेला धान. गावाच्या वरच्या अंगाला बोडी आहे, म्हणजे लहान तळं. तिच्या काठच्या पाण्यात हा धान आपोआप उगवतो. लांब कुसळाचा, लाल दाण्याचा. गुण त्याचा एकच वाईट: पिकला की थांबत नाही. आज दाणा भरला, उद्या वारा आला, सगळा पाण्यात. म्हणून तो पिकायच्या आधी बाया पाण्यात उतरायच्या आणि मूठ-मूठभर ताटं एकत्र धरून त्यांच्याच पातीने त्यांना गाठ मारून ठेवायच्या. गाठीत बांधलेल्या लोंब्या एकमेकींना धरून राहतात, दाणा सांडत नाही. आणि जिने गाठ मारली, पसई तिची. बोडीला सातबारा नव्हता, मालगुजाराच्या घरच्यांना हा कुसळाचा धान नको होता. ज्यांच्याकडे शेत नव्हतं त्या बायांचं हे शेत. दुसरीच्या गाठीला हात लावायचा नाही, एवढा एकच कायदा. तो मोडल्याचं कोणी ऐकलं नव्हतं.

"मंग दाना भरला का सकायी दव असताना जायाचं," रुख्माबाई हाताने दाखवू लागली. "एकीनं डोंग्यात बसून ताटं वाकवायची, खाली टोपला धरायचा. दुसरीनं काडीनं झोडायचं. दोघी पायजेत. एकटीचं काम नाई ते."

"तुह्यासंगं कोन होती?"

रुख्माबाईने पुस्तक मिटलं. "होती एक."

मधल्या कुडापलीकडे कोणीतरी खोकललं.

तो खोकला सीताबाईचा. सीता ही रुख्माबाईची मोठी जाऊ, दुलीचंदच्या थोरल्या भावाची बायको. दोन्ही घरं मुळात एकच. मधे कुड घातला आणि दोन झाली. कुडाला कान लावायची गरज नव्हती, इकडे फोडणी टाकली की तिकडे शिंक येत होती. पण या दोन जावांनी एकमेकींशी बोलणं सोडलं त्याला आता रवीच्या वयाइतकी वर्षं होत आली होती. बोलायचं झालंच तर मधे कोणीतरी लागायचं. "अंजना, तुह्या सासूले सांग, बकरी माह्या वालाच्या वेलात शिरली." अंजना ही सीताबाईची सून. ती बिचारी भाकरी थापता थापता इकडचं तिकडे करायची. ती घरी नसली तर दोघी बकरीशी बोलायच्या. बुद्धपौर्णिमेला विहारात एकाच सतरंजीच्या दोन टोकांना बसायच्या, खीर एकाच भांड्यातली घ्यायच्या. दुलीचंद गेला तेव्हा सीताबाई आली, दिवसभर बसली, चूल पेटवली, सगळ्यांना जेवू घातलं, रुख्माबाईपुढे ताट सरकवलं. पण तोंडातून एक शब्द काढला नाही.

"मले माहीत हाये," रचना हळूच म्हणाली. "मोठी आजी होती. बाबा सांगते. पन काहून बोलत नाई तुमी, ते कोनीच सांगत नाई."

"लिवशील?"

"काय?"

"मी सांगतो ते लिवशील का पुस्तकात? तिच्या नावासकट?"

आणि तिने सांगितलं, कुडापलीकडे ऐकू जाईल एवढ्या आवाजात. ते साल वाईट होतं. पाऊस मध्येच निघून गेला, बांध्यांतला धान पोचट राहिला, खदान बंद. घरात रवी पाळण्यात आणि सासू खाटेवर. बोडीतली पसई तेवढी उभी होती. दोघी जावा गाठी मारायला गेल्या. सीता उंच, म्हणून ती खोल पाण्याच्या अंगाला. रुख्मा बुटकी, ती उथळ बाजूला. ठरलेलंच होतं ते. गाठी मारून झाल्या. रुख्माला दोन दिवस ताप आला, ती घरी पडली. सीता मात्र बोडीकडे जाऊन आली, तसं सगळ्यांनी पाहिलं होतं. झोडायच्या दिवशी दोघी गेल्या तर रुख्माच्या गाठी सुटलेल्या, लोंब्या रिकाम्या. सीताच्या एकूण एक गाठी जशाच्या तशा.

"तवा मी विहिरीवर गेली," रुख्माबाई म्हणाली, "अन् साऱ्या बायांच्या देखत बोलली, का कोनं हात लावला माह्या गाठीले ते मले माहीत हाये. सख्ख्या जावेनं लावला. त्या साली आमी लाखोळीवर काढलं. सासू त्याच थंडीत गेली. हे लिव."

"आजी, छापलेलं पुसता येत नाई."

"म्हूनच तं छापाचं. सांगून कोन ऐकते?"

रचनाने मोबाईल खाली ठेवला. कुडापलीकडे अंजनाने मुद्दाम भांडी आपटली, आणि नेहमी खोकणारी सीताबाई त्या वेळी खोकलीसुद्धा नाही.

"आधी फोटो काढू," रचना अखेर म्हणाली. "गाठी कस्या मारते ते. बाकीचं मंग पाहू."

दुसऱ्या दिवशी रविवार होता. आश्विन लागला होता आणि औंदाही पावसाने लवकर काढता पाय घेतला होता. बोडी खाली गेली होती. उथळ बाजूचा चिखल तडकू लागला होता. आता कोणी पसई झोडायला येत नाही, रेशनचा तांदूळ घरोघर आहे. बोडी मासोळी सोसायटीकडे आहे आणि पाळत ठेवायला पवन नावाचा पोरगा काठच्या झोपडीत बसतो. मूळचा तो कटंगीकडचा. मराठी समजते, बोलतो हिंदीच.

"क्या आजी, फिलम की शूटिंग है क्या?" तो आपल्या डोंग्यातून, लहानशा होडीतूनच ओरडला.

"हौ. तू हिरो का व्हिलन ते ठरवून सांगतो तुले," रुख्माबाई म्हणाली आणि लुगड्याचा काचा मारून उथळ बाजूच्या चिखलात उतरली.

ती गाठी मारू लागली आणि तिचे हात पाहून रचना फोटो काढायचं विसरली. घरात सुईत दोरा ओवायलाही जिला दुसरं कोणी लागायचं ती म्हातारी इथे न पाहता ताटं गोळा करत होती, पातीचा एक वळसा, दुसरा वळसा, टोक आत. सासूने शिकवलेली गाठ. पवन डोंगा जवळ आणून पाहत राहिला आणि त्याने विचारलं, "ये तो मेरे से भी हो जाएगा, नहीं?" खोल बाजूला जाऊन त्याने आपल्या हाताने चार-पाच गाठी मारल्या. रुख्माबाईने लांबूनच पाहिलं. "चपलीचा फीत बांधून राह्यला काय रे? असी गाठ पाहून पसई लाजन."

रचना गोंदियाला गेली आणि पुढच्या शनिवारी परत आली. रविवारी सकाळी दव होतं तोवर दोघी टोपला आणि काडी घेऊन बोडीवर गेल्या.

गाठी सुटल्या होत्या.

सगळ्या नाही, पण बऱ्याच. लोंब्या मोकळ्या होऊन इकडेतिकडे झुकल्या होत्या आणि दाणे चिखलाच्या भेगांत पडले होते. लाल लाल, मुंग्यांनी वाटून घेतलेले.

रुख्माबाई काठावर उभी राहिली. मग जी निघाली ती सरळ पवनच्या झोपडीपाशी. तो दात घासत होता.

"कोनं हात लावला माह्या गाठीले?"

पवनने तोंडातली काडी काढली. "किसको?"

"माह्या गाठीले! तुह्याबिगर इथं कोन राहते? तुलेच माहीत होतं!"

"अरे आजी, मैं क्यों हाथ लगाऊँगा? मेरे को क्या करना है उसका?" पोरगा खरंच दुखावला होता. "वो तो अपने आप खुल रही हैं. परसों से देख रहा हूँ. इधर पानी हट गया ना, पत्ती सूख गई. सूखी तो ढीली पड़ गई. चलो, दिखाता हूँ."

त्याने तिला चिखलात नेलं. न सुटलेली एक गाठ तिथे होती. पात पिवळी पडून दोऱ्यासारखी बारीक झाली होती. "छूना मत," पवन म्हणाला आणि नुसता ताटांना खालून हलका धक्का दिला. वारा देतो तेवढाच. गाठ सैल होत होत उलगडली. दाणे टपटप पडले.

"अब उधर देखो," तो म्हणाला आणि खोल बाजूला बोट केलं. तिथे अजून पाणी होतं, पाती हिरव्या होत्या. पवनच्या त्या वेड्यावाकड्या चार-पाच गाठी पाण्यावर ताठ उभ्या होत्या. एकही सुटली नव्हती.

रुख्माबाई त्या गाठींकडे पाहत राहिली. सासूने शिकवलेली गाठ चिखलात सुटली, आणि या पोराची चपलीची गाठ पाण्यात टिकली. तिच्या मनात हिशोब आपोआप जुळत गेला, तिला तो जुळायला नको होता तरी. त्या सालीही पाऊस असाच गेला होता. बोडी अशीच खाली गेली होती. चांगल्या सालांत उथळ बाजूलाही गुडघाभर पाणी असायचं, म्हणून त्याआधी कधी असं झालं नव्हतं. ती बुटकी होती म्हणून उथळ बाजूला. सीता उंच, म्हणून खोल बाजूला.

ती बोडीच्या पाळीवर, बांधावर बसली. रचना तिच्याजवळ येऊन बसली. रचनालाही जे कळायचं ते कळलं होतं.

"आजी, मंग आता ते..."

"काई लिवू नको," रुख्माबाई म्हणाली. "आधी घरी चाल."

पवन मागून ओरडला, "आजी, मैं हीरो हूँ कि विलन, वो तो बताओ!"

"हिरो हायेस रे बाबू," ती न वळता म्हणाली. "व्हिलन गवसला."

घरी येऊन तिने पाय धुतले, लुगडं बदललं, पुन्हा पाय धुतले. मग आपल्या दारातून बाहेर पडून दहा पावलांवरच्या दुसऱ्या दारात गेली. कुड घातल्यापासून तो उंबरठा तिने मरणाला आणि बारशालाच ओलांडला होता.

सीताबाई खाटेवर बसून सुपात लाखोळीची डाळ निवडत होती. तिने मान वर करून रुख्माबाईला नीट पाहिलं आणि आत हाक मारली, "अंजना, पाय बरं कोन आलं दारात. मले दिसत नाई."

अंजना चुलीपाशी पीठ मळत होती. ती पिठाच्या हातानिशी तिथेच थांबली.

"बाई, मी रुख्मा," रुख्माबाई म्हणाली. "बोडीवर गेलती. माह्या गाठी सुटल्या. कोनंच हात नाई लावला, आपोआप सुटल्या. पानी हटलं, पात सुकली. तुह्या बाजूच्या टिकल्या. पानी होतं म्हून."

सीताबाई डाळीतले खडे काढत राहिली.

"त्या साली बी असंच झालं असन," रुख्माबाई म्हणाली. "असन काय, असंच झालं. तू नाई घेतली माही पसई. मी चुकली."

सुपातला हात थांबला. "अंजना," सीताबाई म्हणाली, "हिले विचार, तवा हे कोठी बोलली होती? माह्या घरात येऊन बोलली होती काय?"

"विहिरीवर," रुख्माबाईने अंजनाची वाट पाहिली नाही.

"कोनाच्या देखत?"

"साऱ्यांच्या."

"मंग?" सीताबाईने पहिल्यांदा सरळ तिच्याशी बोलून टाकलं. "त्यानंतर मी विहिरीवर गेली का बाया आपापल्या बादल्या जवळ ओढाच्या. बादलीत काय होतं वं, पानीच ना? तरी ओढाच्या. माह्या पोरीले पाहाले आले ते विहिरीपासून वापस गेले. अन् हे इथं घरात येऊन हळूच सांगते. जिथं बोलली तिथं बोल."

"विहीर बुजवली ना बाई. आता टाकी हाये तिथं."

"जागा तं बुजली नाई?"

टाकीला पाणी संध्याकाळी येतं. नळाशी पोरींच्या, सुनांच्या प्लास्टिकच्या घागरी लागल्या होत्या, एकीचा मोबाईल गाणी म्हणत होता. सीताबाई अंजनाच्या खांद्याला धरून चौकापर्यंत आली आणि समोरच्या ओट्यावर बसली. रुख्माबाई टाकीच्या खांबाजवळ उभी राहिली. रचना बाजूला. तिने मोबाईल पिशवीत टाकून ठेवला होता. हे टिपून घ्यायचं नाही, एवढं तिला कळत होतं.

"पोरींनो," रुख्माबाई म्हणाली, "मी त्या साली इथं बोलली होती का सीताबाईनं माह्या पसईच्या गाठी सोडल्या. ते खोटं होतं."

सुनांनी एकमेकींकडे पाहिलं. एकीने गाणं बंद केलं. "पसई म्हनजे काय, आजी?"

"कोनत्या साली?" दुसरीने विचारलं.

त्या विहिरीवरच्या दहा-बारा बायांपैकी आता ललिताबाई तेवढी उरली होती. ती वाकून वाकून काटकोनात आलेली, नातवाच्या हातून एक बाटली भरून घ्यायला आली होती.

"जोराने बोल!" सीताबाई ओट्यावरून ओरडली. "मले कमी ऐकू येते!"

तिला कमी ऐकू येत नव्हतं, हे अख्ख्या टोल्याला माहीत होतं. पण रुख्माबाईने छातीभर हवा ओढली आणि रोवण्याच्या वेळी पलीकडच्या बांधीला हाक मारायची त्या आवाजात ओरडली, "सीताबाई चोर नाई! मी खोटी बोलली! मीच, रुख्मा, दुलीचंदची बायको!"

टाकीवरचे कावळे उडाले. दोन घरं टाकून कुत्रं भुंकलं.

ललिताबाईने मान हलवली. "मले तवाच वाटत होतं," ती म्हणाली. "सीता तसी नाई."

"तुले वाटत होतं?" सीताबाई ओट्यावरून उठलीच. "मंग तवा काय तोंडात तंबाखू होता काय तुह्या? बादली तं तूच पहिले ओढली होती!"

पोरी खदखदून हसायला लागल्या. ललिताबाई बाटली तशीच अर्धी घेऊन निघून गेली. रुख्माबाई खांबाला धरून उभी होती. ओरडून घसा बसला होता. सीताबाई तिच्याजवळ आली. गळ्याबिळ्यात कोणी पडलं नाही, त्या घरांत ती रीत नाही. तिने रुख्माबाईच्या पाठीवर एक चापट मारली, तीही जरा जोरातच.

"उद्या सकायी चाल," ती म्हणाली. "माह्या बाजूची उभी असन."

रचनाने सोमवारची रजा टाकली. पवनने डोंगा पुसून ठेवला होता आणि दोन म्हाताऱ्यांना त्यात बसवताना त्याचा जीव खालीवर होत होता. "डूबी तो सोसायटी मेरे को पकड़ेगी," तो म्हणत होता.

खोल बाजूला दव अजून होतं. कोणी न बांधलेली पसई पुष्कळ सांडून गेली होती, पण हिरव्या पाण्यात उशिरा पिकलेली थोडी शिल्लक होती, आणि पवनच्या गाठी होत्या. सीताबाईने सवयीने डोंग्याचं पुढचं टोक घेतलं, ताटं वाकवून मांडीवरच्या टोपल्यावर धरली. रुख्माबाईने काडी उचलली.

"इतक्या जोराने काहून मारते? पसईच हाये ना, का दुश्मन हाये?"

"तू नीट धर ना. टोपला तिकडं अन् लोंबी इकडं."

"मी नीटच धरली. जल्माची नीटच धरली होती."

काडी क्षणभर थांबली आणि मग हळू, बरोबर पडू लागली. दाणे टोपल्यात पडताना वाळूसारखा आवाज येत होता. डोंग्याच्या मागच्या टोकाला पवन वल्हं धरून बसला होता. त्याच्या गाठी सीताबाईने शेवटी झोडायला घेतल्या. "हे कोनाची?" तिने विचारलं, आणि कळल्यावर म्हणाली, "घेऊ काय रे बाबू? विचारून घेते बाप्पा. फुकटचं नाव नको."

दाणा जमला तो सुपाच्या तळाला पुरेल एवढाच. ऊन खाऊ घातलं, उखळात कांडला, कुसळ पाखडलं. दुपारी रुख्माबाईच्या चुलीवर पेज शिजली. लालसर, घट्ट. तांदूळ कमी म्हणून पातळ नव्हती केली. सीताबाईला दात नव्हते म्हणून मऊ केली. कुडाच्या दोन्ही बाजूंची माणसं एका बाजूला बसली. अंजनाने आंब्याचं लोणचं आणलं.

रचनाने विषय काढला. तिला उद्या गोंदियाला जाऊन पानं द्यायची होती. "पसईचं कसं लिवू?" ती म्हणाली. "गाठ कसी मारते, झोडते कसी, एवढंच लिवतो. बाकीचं घरचं घरात राहू द्या. आजी, तू म्हनली होती ना, काई लिवू नको?"

रुख्माबाईने सुटकेचा श्वास टाकला. तिने मान हलवायला सुरुवातही केली होती.

"काहून?" सीताबाई म्हणाली. तिने वाटी खाली ठेवली. "माही चोरी लिवाची होती तवा नावासकट लिवाची होती ना? कुडाले कान नाई, पन मले हायेत. आता लिव ना. टाकीवर कोन होतं? चार पोट्ट्या अन् ते ललिता. ज्यायनं ऐकाले पायजे होतं त्या तं मेल्या. त्यायच्या पोरी, नाती गोंदियाले हायेत, नागपूरले हायेत, त्यायच्या घरात त्यायच्या माय-आज्यांनी सांगूनच ठेवलं असन. त्यायले कोन सांगन?"

रचनाने आजीकडे पाहिलं. पुस्तकात एक नाव जाणार होतं. ते कोणाचं आणि कशासाठी, एवढंच बदललं होतं. वाईट साली मोठ्या जावेवर चोरीचा आळ घेतला ती रुख्माबाई दुलीचंद, मुक्काम कोसमटोला, हे आता राजेगावपासून नागपूरपर्यंत कोणीही वाचणार होतं. रवीच्या सासरचे वाचणार होते. विहारातले वाचणार होते.

रुख्माबाईने वाटीतला शेवटचा घास बोटाने पुसून खाल्ला. घाई केली नाही.

"लिव," ती म्हणाली. "माहं नाव सगयं लिव. पन पहिले तिचं लिव, ते मोठी हाये."

"अन् फोटो?" रचनाने विचारलं.

"पितळीत नको," सीताबाई म्हणाली आणि वाटी पुढे केली. "अजून हाये काय वं पेज, रुखमे? का पाहुन्यासारखी एकदाच वाढते?"

रुख्माबाई डाव घेऊन उठली.